कपाटातल्यांचा चहा

कुंदा पेडणेकर यांच्या पोटात इचलकरंजीच्या माणसांचा हशा आहे, हे सोमवारी सकाळी साडेदहा वाजता सोनोग्राफीत दिसलं. जठराच्या मागच्या अंगाला, डावीकडे, नारळाएवढा. डॉक्टर तांबटबाईंनी पोटावरचं थंड जेल पुसलं, पुन्हा लावलं आणि यंत्राची मूठ त्याच जागी दोनदा फिरवून पाहिली.

"उपाशीपोटी आलात ना?"

"रात्री आठनंतर पाणीसुद्धा नाही."

"मग जुना आहे. कधी खाल्लात?"

डॉक्टरांनी यंत्राचा आवाज वाढवला. शेजारच्या घरात रेडिओ लागावा आणि मधे दोन भिंती असाव्यात तसा तो ऐकू आला.

शहात्तर वर्षांच्या आयुष्यातली चौपन्न वर्षं बाईंनी लोकांना हसवण्यात घालवली होती. सात हजारांवर प्रयोग, एकतीस चित्रपट, आणि आता एका मालिकेत सतत चष्मा हरवणारी आजी. भांडकुदळ बायको, चिकट घरमालकीण, बहिरी आत्या, पळून जाणारी विहीण असं सगळं त्यांनी केलं होतं. चेहऱ्यावरून माणूस ओळखावा तसा त्या आवाजावरून गाव ओळखत. पुण्याचा हशा अर्धा सेकंद उशिरा येतो, आधी तपासून घेतो. नागपूरचा येताना टाळी सोबत घेऊन येतो. सोलापूरचा मागच्या रांगेतून सुरू होऊन पुढे येतो.

"इचलकरंजी," त्या म्हणाल्या. "एकोणऐंशी साल, मार्च महिना."

"एवढं नक्की कसं सांगता?"

"मधे एक माणूस उचकी लागल्यासारखा हसतोय. ऐका. अ-हिक्, अ-हिक्. एम रांगेत बसला होता. सातव्या खुर्चीवर."

डॉक्टरांनी ऐकलं आणि कागदावर लिहिलं. "तोडलेला आहे," त्या म्हणाल्या. "नीट चढत आलाय आणि माथ्यावर पोचायच्या आधीच तुटलाय. कडेला दातांच्या खुणा आहेत. खाल्लात तेव्हा माणसं किती होती?"

"आठशे बेचाळीस. हाऊसफुल्लला आठ कमी."

"आता दोनशे सहा आहेत."

"बाकीचे?"

"वारले असतील. माणूस गेला की त्याचं हसू थांबतं. शेहेचाळीस वर्षं झाली, चालायचंच."

कुंदाबाईंनी साडी सारखी केली आणि त्या उठून बसल्या. "काढता येईल?"

"कापून नाही. ज्याचा असेल त्याच्या वाक्यावर तो आपोआप बाहेर येतो. तुमचा आहे का?"

"नाही."

"मग कुणाचा?"

"माझ्या बहिणीचा."

डॉक्टरांनी औषधाच्या कागदावर 'बहीण' असं लिहिलं, खाली रेघ मारली आणि सही केली. "लवकर करा. शेवटचा माणूस थांबला की परत द्यायला काही उरणार नाही."

"मग दुखायचं थांबेल?"

"हो. मग दुखायला काही राहणारच नाही," डॉक्टर म्हणाल्या आणि त्यांनी पुढच्या पेशंटचं नाव घेतलं.

हशा खाणं हा शब्द नाटकवाल्यांच्या तोंडी रोजचा. समोरच्याच्या वाक्यावर प्रेक्षक हसू लागले आणि ते पुरते हसून व्हायच्या आधी तुम्ही तोंड उघडलंत, तर तुम्ही त्याचा हशा खाल्लात. कंपनीचे दिग्दर्शक आप्पा केळुसकर नव्या पोरींना पहिल्या दिवशी एवढंच शिकवत. "हशा म्हणजे दूध. वर येऊ दे, उतू जाऊ दे, खाली बसू दे. मग पुढचं वाक्य. मधे फुंकर मारशील तर याद राख."

बकुळ कुंदाबाईंची धाकटी बहीण. ती कंपनीत प्रॉम्प्टर होती. विंगेत स्टुलावर बसून, मांडीवर वही घेऊन, नट अडखळला की त्याच्या पुढचा शब्द हळूच सोडायचा, एवढंच तिचं काम. सगळ्या नाटकातली सगळी वाक्यं तिला पाठ होती आणि त्यातलं एकही तिचं नव्हतं. तिचा आवाज प्रेक्षकांपर्यंत पोचला तर ती तिची चूक ठरत असे.

त्या मार्चात 'उसना साखरपुडा' नावाचा फार्स नव्याने उभा राहिला होता. इचलकरंजीचा चौथा प्रयोग. मोलकरणीचं काम करणाऱ्या बाईला गोवर निघाला आणि आप्पांनी बकुळला सांगितलं, "तूच उभी राहा. एकच तर एन्ट्री आहे."

दुसऱ्या अंकाच्या शेवटी उसना आणलेला नवरामुलगा कपाटात दडून बसलेला असतो. घरातली सगळी माणसं, कुंदाबाईंसकट, बाहेरच्या पाहुण्यांसमोर 'कपाटात काही नाही' हे पटवण्यासाठी दहा मिनिटं जिवाचा आटापिटा करतात. शेवटी पाहुण्यांना पटतं. सगळे निःश्वास सोडतात. तेवढ्यात मोलकरीण चहाचा ट्रे घेऊन येते आणि साळसूदपणे विचारते, "बाई, कपाटातल्यांच्या चहात साखर किती घालू?"

बकुळने ते वाक्य जसं म्हणायला हवं तसंच म्हटलं. कुणाकडे न बघता, जणू हा प्रश्न ती रोज विचारते. क्षणभर शांतता झाली. मग हशा आला. पुढच्या रांगेतून उठला, बाल्कनीला लागला, वर चढत गेला. एम रांगेत तो माणूस उचक्या देऊ लागला. बकुळच्या ओठाचा एक कोपरा किंचित हलला. आयुष्यात पहिल्यांदा आठशे बेचाळीस माणसं तिच्याकडे बघत होती.

आणि कुंदाबाईंच्या तोंडून वाक्य गेलं. वहीत नसलेलं, पदरचं.

"अगं, त्यांना मधुमेह आहे."

छप्पर उडालं. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. बकुळचं त्यानंतर आणखी एक वाक्य होतं, पण ते म्हणायला जागा उरली नाही. ती ट्रे घेऊन तशीच आत गेली. तो हशा कुंदाबाईंच्या नावाने पडला आणि बकुळचा जो त्याखाली दबून अर्धा राहिला होता तो त्यांच्या पोटात गेला. त्यांना तेव्हा कळलंसुद्धा नाही. भूक लागली नाही एवढंच जाणवलं. प्रयोगानंतर त्या जेवल्या नाहीत.

त्या एका वाक्याने कुंदाबाई 'कुंदा पेडणेकर' झाल्या. नाटकाचे अकराशे प्रयोग झाले आणि प्रत्येकात मधुमेह होता. बँकेत, लग्नात, एकदा तर स्मशानातून परतताना लोकांनी त्यांना ते वाक्य म्हणून दाखवलं. मूळची मोलकरीण गोवर उतरून परत आली तेव्हा तिला सांगण्यात आलं की पहिल्या वाक्यावर थांबायचं, पुढचं गाळलंय. बकुळने त्याच आठवड्यात कंपनी सोडली. डिसेंबरात तिचं लग्न झालं. वऱ्हाडाला चहा देताना मुलाचे काका मोठ्याने म्हणाले, "नवरदेवाला साखर नको हं, त्याला मधुमेह आहे." सगळा मांडव हसला. बकुळसुद्धा हसली, असं कुंदाबाईंना आठवत होतं.

बकुळचं ते दुसरं वाक्य काय होतं, ते मात्र त्यांना आठवेना.

मंगळवारी सकाळी त्यांच्या पार्ल्याच्या घरात, ओट्याला लागून, एक खुर्ची उभी होती. लाल रेक्झिनची, बूड उचललं की मिटणारी, लोखंडी पायाची, नाट्यगृहात असते तशी. पाठीवर पांढऱ्या रंगात 'जी-१४' लिहिलं होतं. पाय फरशीत पक्के रोवलेले होते. कुंदाबाईंनी औषधाच्या दुकानातून आणलेला स्टेथोस्कोप पोटाला लावून मोजलं. दोनशे पाच.

बुधवारी दोन आल्या, सी-३ आणि सी-४. शेजारी शेजारी. नवराबायको असावीत. गुरुवारी पाच.

त्यांनी डॉक्टरांना फोन केला. "माणूस थांबला की खुर्ची येते, बरोबर?"

"बरोबर."

"मग आधीच्या सहाशे छत्तीस कुठे गेल्या?"

डॉक्टरांनी थोडा विचार केला. "तुम्ही दौऱ्यावर असायचात ना? येऊन गेल्या असतील. घरी कुणी दिसलं नसेल."

शुक्रवारी मालिकेचं शूटिंग होतं. चष्मा फ्रीजमध्ये सापडतो, असा प्रसंग. कुंदाबाईंनी फ्रीज उघडला, चष्मा घातला, आतल्या दुधीभोपळ्याकडे बघून म्हणाल्या, "अय्या, तुम्ही कधी आलात?" ध्वनिमुद्रकाने हात वर केला आणि हेडफोन काढले.

"ताई, सॉरी. मागे हाऊस बसलंय का?"

"नाही रे."

"लोकांचा आवाज येतोय. लांबून. आपण तर हशा नंतर लावतो, मशीनवरचा." तो बूम घेऊन जवळ आला, माइक त्यांच्या पोटाजवळ नेला आणि थांबला. "हा खरा आहे," तो हळूच म्हणाला. त्याने बारा वर्षांत खरा ऐकला नव्हता. जरा वेळ तो तसाच ऐकत उभा राहिला. मग म्हणाला, "आत्ता एक कमी झाला."

शनिवारपर्यंत दिवाणखान्यात तीन रांगा झाल्या. सगळ्या खुर्च्यांची तोंडं एकाच बाजूला, पलंगाकडे. कुंदाबाई झोपत त्या अंगाला. कामवाली म्हणाली, "बाई, मी झाडू कुठनं मारू?" आणि यायची बंद झाली. समोरच्या घैसासबाई दारातून डोकावल्या. "नाट्यगृह काढताय का हो? परवानगी लागते सोसायटीची."

"आपोआप येताहेत."

"आपोआप तर येतातच. आमच्याकडे नाही का ह्यांची पुस्तकं," घैसासबाई म्हणाल्या. निघताना वळून म्हणाल्या, "चहा टाकू का? की तुम्हाला मधुमेह आहे?" आणि स्वतःच हसल्या. कुंदाबाईंना गेली नऊ वर्षं खरंच मधुमेह होता.

त्यांनी बेळगावला फोन लावला. बकुळ लग्नानंतर तिथल्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर म्हणून लागली होती. तेहतीस वर्षं तिने लोकांच्या कानात आकडे सांगितले आणि मग निवृत्त झाली. नवरा गेल्यावर टिळकवाडीतल्या बैठ्या घरात एकटीच राहायची.

"बकू, तुझं वाक्य म्हणशील एकदा?"

"कुठलं?"

"कपाटातलं."

तिकडे रिसीव्हर एका कानावरून दुसऱ्या कानावर गेल्याचा आवाज आला. एक्स्चेंजमधली ती बकुळची जुनी सवय होती.

"मला आठवत नाही, ताई."

"सगळं नाटक तुला पाठ होतं."

"ते आहेच की. तेवढं एक सोडून पाठ आहे." मग ती म्हणाली, "मागे कोण हसतंय?"

"इचलकरंजी."

"अजून?" बकुळने विचारलं आणि फोन ठेवला.

रविवारी सकाळी कुंदाबाई बेळगावच्या बसमध्ये बसल्या. पोटात एकशे एकतीस माणसं होती. साताऱ्यापर्यंत एकशे बारा झाली. कोल्हापूरला चहाला उतरून परत चढल्या तेव्हा त्यांच्या जागेशेजारी, वाटेत, के-९ उभी होती. कंडक्टर म्हणाला, "मावशी, ह्याचं तिकीट?" पण खुर्ची मिटलेली होती, तेव्हा त्याने सोडून दिलं. निपाणीपर्यंत आणखी सहा आल्या आणि लोक त्या ओलांडून चढू-उतरू लागले.

बकुळ दारात उभी होती. एकाहत्तर वर्षांची, किडकिडीत, केस आखूड कापलेले. तिने बहिणीकडे पाहिलं, मग बहिणीच्या पोटाकडे.

"ये की. वाळलीस."

"तू जाड झालीस."

"नाही झाले. तू पूर्वीपासून मला जाड म्हणतेस."

घर नीटनेटकं होतं. पुढची खोली बारा पावलं लांब आणि दहा रुंद. कुंदाबाईंना मोजायची सवय होती. नव्या रंगमंचावर गेलं की त्या आधी तो पावलांनी मोजत. बकुळने चहा आणला. साखरेचं भांडं वेगळं, बशीत चमचा ठेवून. या घरात सदैव असंच होतं. कुणाच्या चहात साखर किती घालायची हे बकुळ कधी विचारत नसे.

"वही कुठे आहे गं?" कुंदाबाईंनी विचारलं. "प्रॉम्प्टिंगची."

"बंबात घातली. त्याच वर्षी. पाणी छान तापलं होतं."

"आणि वाक्यं?"

"ती बंबात जात नाहीत." बकुळने आपल्या चहात साखर घातली आणि ढवळत राहिली. "फोनवर खोटं बोलले. दोन्ही आठवतात."

"मग म्हण ना. एकदा म्हण. म्हणजे तो तुला मिळेल. डॉक्टरांनी लिहून दिलंय." त्यांनी पर्समधून कागद काढला. बकुळने चष्मा लावून वाचला. कागदावर 'बहीण' आणि खाली रेघ, एवढंच होतं.

"ताई, एक विचारू? तुला तो मला द्यायचाय, की तुझ्या पोटातून काढायचाय?"

कुंदाबाईंनी विचार केला. "दोन्ही."

"बरं झालं खरं बोललीस. 'तुझ्यासाठीच आलेय' म्हणाली असतीस तर रात्रीच्या गाडीत बसवून दिलं असतं."

"आणि तुझं दुसरं वाक्य मला ऐकायचंय. मला ते आठवत नाही. आठवडाभर आठवायचा प्रयत्न करतेय."

"तुला कसं आठवेल? तू ते माझ्या तोंडून कधी ऐकलंस कुठे? तालमीत मी म्हणायची नाही, दुसरी बाई होती. त्या दिवशी मला म्हणायला मिळालं नाही." बकुळने कप खाली ठेवला. "ते वाक्य तुला होतं. नाटकात, तुझ्याकडे बघून म्हणायचं होतं. मी आठवडाभर आरशात म्हणून बघत होते, कसं म्हणायचं ते."

"मोलकरणीला गोवर तर त्याच दिवशी कळला."

"मी तरीही म्हणत होते," बकुळ म्हणाली. "कधीतरी तिला काहीतरी होईलच, असं वाटायचं."

मागे खट् असा आवाज झाला. दाराजवळ एफ-२ आली होती. तिच्या शेजारी एफ-३, एफ-४. कुंदाबाईंनी स्टेथोस्कोप लावला. "चाळीस," त्या म्हणाल्या.

"उद्या बघू," बकुळ म्हणाली. "आज मला बोलायचं नाही."

सोमवारी दुपारी जेवणं झाली. चार वाजेपर्यंत एकवीस उरले होते. साडेचारला नऊ. बकुळ आत गेली आणि बाहेर आली तेव्हा तिने साडी गुडघ्याच्या जरा खाली येईल अशी खोचली होती, मोलकरणीसारखी. हातात ट्रे होता, त्यात दोन कप.

"कुठे उभी राहू मी?" कुंदाबाईंनी विचारलं. "मी डावीकडे सोफ्यापाशी असायची."

"तू उभी राहायचं नाहीस. तू समोर बसायचं. स्टेजवर राहिलीस तर तुला राहवणार नाही."

"मी काही बोलणार नाही."

"तेव्हाही बोलणार नव्हतीस."

कुंदाबाई खुर्च्यांमधून वाट काढत मागे गेल्या. खोली बारा पावलांत संपायला हवी होती. त्या सोळा पावलं चालल्या आणि भिंत आली नाही. दोन्ही बाजूंना खट् खट् आवाज होत होते. येत होत्या त्या सगळ्या खुर्च्या जुन्या होत्या, रेक्झिन फाटलेलं, आतला काथ्या बाहेर आलेला. पूर्वी येऊन गेलेल्या, ज्यांना घरी कुणी भेटलं नव्हतं, त्या. आज कुंदाबाई घरी होत्या. रांगा भरत गेल्या तशी खोली मागे सरकत गेली. ए, बी, सी, डी. खिडकी सहाव्या रांगेपाशी राहिली, कॅलेंडर दहाव्या. एम रांगेत सातव्या क्रमांकाची जागा मोकळी होती, खुर्ची नव्हती. त्याच्या मागे, एक रांग सोडून, शेवटच्या रांगेत त्या बसल्या. मोजून साठ पावलं झाली होती. बकुळ दूर टोकाला, तांब्याएवढी दिसत होती.

बकुळने चमच्याने कपावर टिचकी मारली. पहिली घंटा. थोडं थांबून दुसरी. मग तिसरी. खोलीतला उजेड जरा कमी झाला, ढग आला असावा.

ती आत गेली आणि ट्रे घेऊन पुन्हा बाहेर आली. कुणाकडे न बघता, जणू रोजचंच आहे, अशा आवाजात तिने विचारलं,

"बाई, कपाटातल्यांच्या चहात साखर किती घालू?"

शेवटच्या रांगेपर्यंत शब्दन् शब्द स्पष्ट आला. क्षणभर शांतता झाली.

मग कुंदाबाईंच्या पोटात काहीतरी सुटलं आणि त्यांच्या तोंडातून इचलकरंजी हसली. आधी नऊच माणसांचं, म्हाताऱ्या माणसांचं, विरळ हसू होतं ते. ते पहिल्या रांगेपाशी पोचलं तेव्हा ए-१ चं बूड आपोआप खाली पडलं. मग ए-२ चं. रांगेमागून रांग खुर्च्या उघडत गेल्या, कुणीतरी बसावं तशा, आणि प्रत्येक खुर्ची उघडली की एक आवाज वाढत होता. हशा छताला लागला. मागच्या सोमवारी डॉक्टरांना जिथे दातांच्या खुणा दिसल्या होत्या त्या जागी तो आला आणि ती जागा ओलांडून वर गेला. माथा आला. आठशे बेचाळीस माणसांचा अख्खा, न तुटलेला हशा बकुळकडे गेला. ती ट्रे धरून उभी होती. तिच्या ओठाचा एक कोपरा हलला आणि या वेळी तो तसाच वर राहिला.

कुंदाबाईंच्या जिभेवर ते वाक्य येऊन बसलं होतं. अकराशे प्रयोगांची सवय. त्यांनी दात आवळले. वाक्य दातांना धडका देत होतं. त्यांनी दोन्ही हात तोंडावर दाबले. हशा तेवढ्यात उतरणीला लागला आणि वाक्य हळूहळू घशात मागे गेलं, मग खाली गेलं. त्यांनी ते गिळलं. आपण या वेळी कुणाचाही हशा खाल्ला नाही, हे त्यांना समजलं.

बकुळ वाट पाहत होती. आप्पांनी शिकवलं होतं तशीच. दूध वर आलं होतं, उतू गेलं होतं, आता खाली बसत होतं. विंगेत बसून तिने ही वाट हजारो वेळा पाहिली होती, दुसऱ्यांसाठी. एकेक रांग शांत झाली. बाल्कनी असती तर तीही शांत झाली असती. शेवटी एकच माणूस राहिला, उचकी लागल्यासारखा हसणारा. अ-हिक्. अ-हिक्. बकुळ त्याच्यासाठीही थांबली.

कुंदाबाईंच्या पुढे, एका रांगेपलीकडे, खट् असा आवाज झाला. रिकाम्या जागेत खुर्ची आली होती. एम-७. मिटलेली.

कुंदाबाईंनी पोटाला हात लावून पाहिला. आत कुणी नव्हतं. पोट सपाट आणि हलकं होतं. काहीही दुखत नव्हतं.

बकुळने ट्रे खाली ठेवला. पदर सारखा केला. साठ पावलांवरून तिने शेवटच्या रांगेकडे, थेट आपल्या बहिणीकडे पाहिलं. श्वास घेतला आणि दुसऱ्या वाक्यासाठी तोंड उघडलं.

अ-हिक्.

बकुळने तोंड मिटलं. ती थांबली.

कुंदाबाईंनी एम-७ कडे पाहिलं. खुर्ची मिटलेलीच होती; आवाज त्यांच्या स्वतःच्याच तोंडून येत होता. त्यांचे गाल ओले झाले होते, हनुवटीवरून थेंब हातावर पडत होते. त्यांनी श्वास रोखून धरला. बकुळने पुन्हा श्वास घेतला.

अ-हिक्. अ-हिक्.

त्यांनी पदराचा बोळा करून तोंडात कोंबला. आवाज पदरातून आला. त्यांनी मान खाली घालून तोंड गुडघ्यांत दाबलं. आवाज गुडघ्यांतून आला आणि रिकाम्या रांगांवरून पुढे गेला. दूर टोकाला बकुळ ओठ जरासे उघडे ठेवून, मान एका बाजूला कलती करून, हशा खाली बसायची वाट पाहत उभी होती.